काट्या टाकलेली वाट

माझ्या रुक्मिणीमावशीला अख्खी गोराई मूर्ख म्हणते. मीही म्हणते. तिच्या तोंडावर म्हटलं आहे आणि त्याबद्दल तिच्या हातून मुळ्याची जुडी पाठीत खाल्ली आहे. पण परक्या कुणी म्हटलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. मध्यंतरी पार्ल्याला आमच्या सोसायटीच्या जिन्यात एका शहाण्यानं मला थांबवून विचारलं, "शुभाताई, स्वतःची केस स्वतःच घालवली त्या तुमच्याच मावशी का हो?" त्याची सासुरवाडी गोराईची. त्याला मी तिथंच जे ऐकवलं ते इथं लिहिण्यासारखं नाही. पण घरी आल्यावरही राग उतरेना, म्हणून म्हटलं सगळं पहिल्यापासून सांगून टाकावं.

आजोबांना दोन मुलीच. धाकटी सुगंधा, म्हणजे माझी आई. ती लग्न होऊन पार्ल्याला आली आणि शेतातला आपला वाटा तिनं बहिणीला देऊन टाकला. थोरली रुक्मिणी वसईला दिलेली. नवरा तापानं गेला तशी ती बापाच्या घरी परत आली आणि शेतात उतरली ती कायमचीच. पावसाळ्यात भात, थंडीत मुळा, लाल माठ, वांगी, वाल. दोन डबे पाण्यानं भरायचे, कावड खांद्यावर घ्यायची आणि वाफ्यांमधून झपाझप चालत सुटायचं. डब्यांच्या झाऱ्यांतून दोन्ही अंगांना पाणी पडत राहायचं. पुढं विहिरीवर पंप आला, तरी कोवळ्या भाजीला ती अजून कावडीनंच पाणी घालते. पंप रोपांना झोडपून काढतो, असं तिचं म्हणणं. सकाळच्या बोटीनं भाजी खाडीपलीकडे बोरिवलीच्या बाजारात जाते. तिथं कुणी फारच घासाघीस केली तर मावशी जुडी परत टोपलीत टाकते आणि म्हणते, "मॉलमध्ये तोंड उघडत नाही ना गं तुझं? मग इथं का?"

असल्या बाईशी वाकडं घेतलं चंद्रप्रकाशनं. हा तिचा सख्खा चुलतभाऊ, तिच्याच वयाचा. दोघांची शेतं एकमेकांना लागून आणि विहीर सामाईक. गावातून येणारी गाडीवाट आधी चंद्रप्रकाशच्या शेतातून जायची आणि मग मावशीच्या शेतात शिरायची. आजोबांच्याही आजोबांपासूनची वाट ती. आजोबा गेले त्या वर्षी पेरणीच्या सकाळी मावशी बियाण्याची टोपली डोक्यावर घेऊन निघाली, तर वाटेत बाभळीच्या काट्यांचा ढीग. पलीकडे चंद्रप्रकाश कमरेवर हात ठेवून उभा, त्याच्यामागं त्याचा बाप आणि वरच्या पाड्यातले चार टगे.

"पोरीला शेत कशाला पायजे?" चंद्रप्रकाश म्हणाला. "घर सांभाळ. शेत आम्ही बघतो."

आमचं गाव दोन पाड्यांचं. चंद्रप्रकाश वरच्या पाड्यातला, मावशी खालच्या. आरडाओरडा ऐकून दोन्हीकडची माणसं जमली. त्यातल्या एकानंही पुढं होऊन एक काटी उचलली नाही, हे मी मुद्दाम सांगते, कारण आज तीच माणसं मावशीला अक्कल शिकवतात. मावशीनं टोपली खाली ठेवली नाही. तशीच उभी राहून सगळ्यांच्या देखत म्हणाली, "शेत माझ्या बापाचं. मीच कसणार. पण तुझ्या ह्या वाटेवर पुन्हा माझा पाय पडायचा नाही." आणि खाजणाच्या, म्हणजे खाडीकाठच्या खाऱ्या जमिनीच्या, बांधावरून कडेकडेनं लांबचा वळसा घालून ती शेतात गेली. तिनं पेरणी केली.

काट्या वाळल्या, कुणाच्या तरी चुलीत गेल्या, वाट मोकळी झाली. मावशी मात्र जन्मभर खाजणाच्या बांधावरूनच जात राहिली. दोघांचा अबोला इतका जुना झाला की गावाला त्याचं काही वाटेनासं झालं. विहिरीवर एकजण पाणी भरत असला की दुसरा आंब्याखाली पाठ करून उभा राहायचा. लग्न होऊन आलेल्या सुनांना सासवा देवळाची वेळ आणि बोटीची वेळ सांगायच्या, त्याच दमात हेही सांगून ठेवायच्या.

पुढं एका मोठ्या उधाणात खाजणाचा बांध फुटला. पूर्वी दोन्ही पाडे मिळून बांध घालायचे. आता अर्ध्या लोकांनी जमिनी विकलेल्या आणि उरलेल्यांचं एकमेकांशी पटत नाही, तेव्हा बांध घालणार कोण? भरती आली की मावशीच्या वाटेवर कमरेएवढं पाणी आणि ओहोटीला गुडघाभर चिखल. त्या चिखलात ती पडली, मांडीचं हाड मोडता मोडता वाचलं. मी तिला हात जोडले. "मावशी, आता पुरे कर. गाडीवाटेनं जा. तो म्हातारा आता कुणाला अडवतोय?"

"तुला जायचं तर तू जा," ती म्हणाली.

आणि मग चंद्रप्रकाशच्या मुलानं, मिहिरनं, बापानं नावावर करून दिलेली पुढची जमीन वाटेसकट विकली. घेणाऱ्यानं म्हणे तिथं बाग करायची ठरवली होती. बाग कसली, हिरवळ पसरून लग्नं लावायचा धंदा. आठवड्याभरात लोखंडी खांब उभे राहिले, तारा ताणल्या गेल्या आणि गाडीवाटेच्या तोंडावर कुलूपबंद फाटक आलं. त्याच आठवड्यात एक दलाल गोड गोड बोलत मावशीच्या ओटीवर येऊन बसला. वाट नसलेल्या शेताला किंमत ती काय, आजी, आम्हीच घेतो, असं त्याचं म्हणणं. मावशीनं त्याला पाणीसुद्धा विचारलं नाही.

मला वाटलं, ज्या वाटेवर आपण जातच नाही ती बंद झाली तर हिला काय? पण मावशी माझ्यावरच उखडली. "मी जात नाही ती माझी मर्जी. वाट माझी आहे. माझ्या हक्काच्या वाटेला कुलूप लावणारा हा कोण टिकोजी?"

हे मला पटलं. आणि खरं सांगायचं तर शेत हातचं जातं आहे हे मला दिसत होतं. शेत गेलं असतं तर मावशी महिनाभरसुद्धा जगली नसती. मी वकील गाठला, तहसील कचेरीत अर्ज केला: वहिवाटीची वाट अडवली आहे, मोकळी करून द्यावी.

झालं! गावात जणू कुणी निखाऱ्यांवर फुंकर घातली. खालचा पाडा मावशीच्या बाजूनं, वरचा पाडा मिहिरच्या. मावशीचं प्रेम कुणालाच नव्हतं. सगळ्यांना आपापली जुनी उणीदुणी काढायला निमित्त हवं होतं. कुणाची बकरी कुणाच्या वालात शिरली होती, कुणाच्या मयताला कोण आलं नव्हतं, जत्रेत पालखी आधी कुठल्या पाड्यात थांबायची, सगळं वर आलं. बोटीवर दोन्ही पाड्यांच्या बायका वेगवेगळ्या फळ्यांवर बसायला लागल्या. पोरांनी क्रिकेटची एक टीम मोडून दोन केल्या. आणि ज्यानं कुंपण घातलं तो माणूस आपल्या गार ऑफिसात बसून मजा बघत होता. ह्या लोकांना भांडायचंच होतं तर त्याच्याशी भांडायचं ना! पण नाही. तो परका, त्याच्याशी कसलं आलंय वैर.

सुनावणीच्या आधी मी मावशीला पढवलं. "कुठल्या वाटेनं जायचीस असं विचारलं तर एवढंच म्हण, वाट आमच्या वाडवडिलांची आहे. जास्त बोलू नकोस. गेले नाही, असं तर मुळीच म्हणू नकोस."

"खोटं बोलू?"

"खोटं नको बोलूस. गप्प बस."

मावशीनं तेवढं ऐकलं. समोरचा वकील पोरगेलासा होता, फार अदबीनं विचारत होता. "आजी, तुम्ही रोज शेतावर कुठून जायच्या?" मावशी म्हणाली, "वाट आमच्या वाडवडिलांची आहे." त्यानं तेच तीनदा फिरवून विचारलं, हिनं तीनदा तेच उत्तर दिलं. मला वाटलं, जिंकलो.

मग त्यांनी चंद्रप्रकाशला उभं केलं. जमिनीचा जुना मालक, अर्जदाराचा जुना वैरी. तो सांगणार की ही बाई त्या वाटेनं कधी गेलीच नाही, आणि प्रकरण मिटणार, असा त्यांचा हिशेब. म्हातारा काठी टेकत उभा राहिला. त्यानं मिहिरकडे पाहिलं नाही, आमच्याकडेही नाही.

"रोज जायची," तो म्हणाला. "सकाळ-संध्याकाळ. टोपली डोक्यावर घेऊन. मी बघितलंय ना."

मिहिर उठून उभा राहिला, "पप्पा, काय बोलताय तुम्ही?" वकिलाचं तोंड बघण्यासारखं झालं. मी आनंदानं मावशीचा हात दाबला. तो हात तिनं झटकून टाकला.

"खोटं बोलतोय मेला!" मावशी ओरडली.

"बाई, खाली बसा," तहसीलदारसाहेब म्हणाले. "ते तुमच्याच बाजूनं बोलतायत."

"माझ्या बाजूनं? हा? ह्याच्या तोंडानं?" ती टेबलापर्यंत गेली. "ह्यानं वाटेत काट्या टाकल्या त्या दिवसापासून त्या वाटेवर माझं पाऊल पडलं असेल तर पाय झडो माझा! सगळं गाव आहे साक्षीला. विचारा कुणालाही. गेले मी? कधी तरी गेले?"

मी तिचा पदर ओढत होते. पोरगेला वकील हळूच म्हणाला, "एवढं नोंदवून घ्यावं, साहेब." साहेबांनी नोंदवून घेतलं.

निकाल लागला तो असा: अर्जदार स्वतःच वाटेचा वापर नाकारतात, शिवाय त्यांना खाजणाच्या बाजूनं दुसरी वाट आहे. त्या दुसऱ्या वाटेवर पाणी असतं हे मी ओरडून सांगितलं, तेव्हा साहेब म्हणाले, "ओहोटीला जाता येतं ना?" त्या वाक्यानं माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. सत्तरी उलटलेली बाई आणि गुडघाभर चिखल, आणि हा मनुष्य पंख्याखाली बसून तिला ओहोटी सांगतो! नवी वाट मिळावी म्हणून वेगळा अर्ज करता येतो म्हणाले. तोही केला. वरती अपीलही केलं. तारखा पडताहेत.

त्या दिवशी परतीच्या बोटीत मी मावशीवर तोंडसुख घेतलं. लोक बघत होते, बघू देत. "शेत गेलं तुझं, मावशी. तुझ्या हट्टापायी गेलं. तो म्हातारा तुला वाचवत होता आणि तू त्यालाच खोटा पाडलंस. काय मिळवलंस?"

ती माझ्याकडे वळली. तिचे डोळे लाल झाले होते, पण त्यात पाणी नव्हतं.

"मला भीक घालत होता तो," ती म्हणाली. "खोट्याची भीक. रोज जायची म्हणे! म्हणजे ह्यानं काट्या टाकल्याच नाहीत, मी शेपूट घालून ह्याच्याच वाटेनं जात होते, आणि हा मोठ्या मनानं जाऊ देत होता. असंच झालं ना गं? मग मी इतकी वर्षं चिखल तुडवला तो कशापायी? त्याला माझी एवढी कणव होती तर खरं बोलायचं होतं. मी अडवलं म्हणून ती गेली नाही, असं बोलायचं होतं. तेवढं नाही निघालं तोंडातून."

एवढं शिकून, नोकरी करून, वकिलाच्या पायऱ्या झिजवून हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. बोट लागली, मावशी सकाळच्या भाजीची रिकामी टोपली घेऊन घरी गेली. मी गेले नाही. मी सरळ वरच्या पाड्यात चंद्रप्रकाशच्या घरी गेले.

त्याचं घर पाड्याच्या टोकाला, रस्त्याकडे ओटी आणि मागं परसू. तो ओटीवर खुर्चीत बसला होता. मी चपलाही काढल्या नाहीत. मावशी बोटीत जे बोलली ते सगळं मी त्याच्यापुढं ओतलं आणि वर माझ्या पदरचे चार शब्द घातले. आतून मिहिरची बायको डोकावून गेली. म्हातारा खाली मान घालून ऐकत होता.

"लाज वाटली गं," शेवटी तो म्हणाला. "साहेबापुढं, एवढ्या माणसांपुढं, कसं सांगू की बहिणीच्या वाटेत काट्या टाकल्या म्हणून? वाटलं, रोज जायची म्हटलं की तिचं काम होईल आणि आपलंही झाकलं जाईल."

"झाकलं ना?" मी म्हटलं. "मग आता बसा झाकून." आणि निघून आले. मला त्याची दया आली नाही. आजही येत नाही. त्यानं एका बाईला उभं आयुष्य वळसा घालायला लावलं, आणि म्हातारपणी त्याची किंमत एका खोट्या वाक्यानं चुकवायला निघाला.

पुढं जत्रेच्या आधी देवळात बैठक बसली. विषय पालखीचा: आधी वरच्या पाड्यात थांबायची की खालच्या. भांडण हातघाईवर आलेलं, कुणी तरी मावशीची केस उकरून काढली, कुणी तरी चंद्रप्रकाशला फितूर म्हटलं. तेवढ्यात तोच उठला. बायका मागं बसल्या होत्या, त्यांत मावशी होती आणि मीही होते.

"काट्या मी टाकल्या होत्या," तो म्हणाला. आवाज बारीक होता, मागच्यांनी मोठ्यानं बोला म्हणून ओरडून सांगितलं. म्हणून त्याला परत बोलावं लागलं. "रुक्मीच्या वाटेत काट्या मी टाकल्या. शेत गिळायचं होतं. बाप म्हणाला टाक, मी टाकल्या. पण बापाचं नाव कशाला घेऊ, हात माझे होते. ती माझ्यामुळं चिखलातून गेली."

कुणी तरी हसलं. कुणी म्हणालं, हे आता कशाला, आधी पालखीचं बोला. आणि खरंच, पुन्हा पालखीचंच सुरू झालं. मी दात-ओठ खात बसले होते. हेच कचेरीत बोलला असता तर! आमच्या वकिलाला मी फोन करून विचारलं, तर तो म्हणाला देवळात बोललेलं कचेरीत चालत नसतं, ताई. मावशी पदर सावरून उठली आणि घरी गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी भरती होती. मी घरात चहा करत होते. मावशीनं कावड खांद्यावर घेतली, डबे लावले आणि खाजणाकडे वळायच्या ऐवजी वरच्या पाड्याकडे चालू लागली. मी कप तसाच ठेवून मागं धावले.

चंद्रप्रकाशच्या घराचं मागचं दार परसात उघडतं. परसाला लागून त्याची एक पट्टी उरली आहे, मिहिरला ती विकता आली नाही, आणि त्या पट्टीच्या पलीकडे मावशीचं शेत. दोन्ही अंगांना आता बागेच्या तारा, तेव्हा परसात जायचं तर घरातूनच. चंद्रप्रकाश ओटीवर बसला होता. दोन्ही दारं सताड उघडी होती, ओटीवरून थेट परसातलं केळीचं झाड दिसत होतं. मावशी थांबली नाही. ओटी चढली, कावड तिरकी करून माजघरातून गेली, स्वयंपाकघरातून गेली आणि मागच्या दारानं बाहेर पडली. एक शब्द नाही, एक नजर नाही.

मिहिर टॉवेल गुंडाळून बाहेर आला. "पप्पा, हे काय चाललंय? घर आहे का एसटी स्टँड?"

"घर अजून माझ्या नावावर आहे," चंद्रप्रकाश म्हणाला.

तेव्हापासून हे रोज चालू आहे. सकाळी मावशी कावड घेऊन आत शिरते. दुपारी परतताना डोक्यावर भाजीची टोपली आणि पायांना शेताची माती. मिहिरनं नव्या लाद्या बसवल्या आहेत, पांढऱ्याशुभ्र. मावशी पाय पुसत नाही. मुद्दामच पुसत नाही, मी विचारलं आहे. ती गेली की चंद्रप्रकाश काठी भिंतीला टेकवतो, ओलं फडकं घेतो आणि बसून बसून लाद्या पुसतो. सुनेला हात लावू देत नाही.

दलालाचे फोन येतात. आता तो मिहिरला घराचाही भाव सांगतो. म्हातारा आहे तोवर ठीक, पुढं काय, हे मला रात्रंदिवस छळतं. परवा मी मावशीबरोबर शेतावर जायला निघाले होते. वाटेत म्हटलं, "मावशी, गावापुढं कबूल केलं त्यानं. फरशी पुसतो तुझ्यामागं. आता तरी एक शब्द बोल ना त्याच्याशी. किती दिवसांचे सोबती तुम्ही?"

मावशी गर्रकन वळली. तोच जुना संताप, नाकपुड्या फुललेल्या.

"बोलले की त्याला वाटेल फिटलं," ती म्हणाली. "आणि फिटलं असं वाटलं की लेकाचा निवांत झोपेल आणि पोरगं दार लावून घेईल. मेले तरी नाही बोलायची मी. चल, मुळा उपटायचाय."

आणि कावड सावरत ती त्याच्या ओटीची पायरी चढली.